मगर हलत का नाही?

बडोद्यात प्राण्यांकडे पाहण्याचा इतिहास जुना आहे. खंडेराव महाराजांच्या कारकिर्दीत (१८५६ ते १८७०) इथल्या अगडात, म्हणजे झुंजींच्या मैदानात, हत्तींच्या झुंजी आणि साठमारी गाजत. मस्तीला आलेल्या हत्तीला साठमार डिवचत आणि हजारो डोळे ते पाहत. पुढे १८७९मध्ये सयाजीराव महाराजांनी विश्वामित्री नदीकाठी कमाटी बाग उभारली. तिथल्या प्राणिसंग्रहालयात झुंजीऐवजी ज्ञान हा हेतू आला. हेतू बदलला, पाहणाऱ्याची अपेक्षा मात्र तीच राहिली: प्राण्याने आपल्यासाठी काहीतरी केले पाहिजे.

याचा पुरावा मगरच देते. कोणत्याही प्राणिसंग्रहालयात हौदातली मगर हलली नाही, की लोक शुकशुक करतात, खडे मारतात. कायद्याने बंदी असूनही. वास्तविक तिच्या शरीराचे तापमान भोवतालावर अवलंबून असते. उन्हात निश्चल पडणे, जबडा उघडा ठेवणे हा तिचा दिनक्रमच. बागेजवळून वाहणाऱ्या विश्वामित्रीत तशीच मगर मोकळी पडलेली दिसली, तर हाच माणूस पुलावर खिळून राहतो. मगर तीच, निश्चलताही तीच; पण नदीतली मगर केव्हाही पाण्यात शिरून दिसेनाशी होऊ शकते. उलट, पिंजऱ्यात एकाच वाटेवर येरझारा घालणारा वाघ आपल्याला चपळ वाटतो. ही येरझार बहुधा कोंडमाऱ्याची खूण असते. निसर्गात दूरवर भटकणाऱ्या मांसभक्षकांत ती अधिक दिसते, असे क्लब आणि मेसन या संशोधकांनी २००३मध्ये दाखवले. म्हणजे शांत प्राणी आपल्याला आळशी वाटतो आणि त्रासलेला उत्साही.

यावर कोणी म्हणेल, मुलांनी प्राणी पाहायचे कुठे? जुनागढच्या सक्करबाग प्राणिसंग्रहालयाने सिंहांची पैदास केली, ती विसरायची का? शिवाय विश्वामित्रीच्या पुरात रस्त्यावर येणारी मोकळी मगर जीवघेणी ठरू शकते. हे आक्षेप खरे आहेत, म्हणूनच मी प्राणिसंग्रहालये बंद करा असे म्हणत नाही. पण पैदाशीसाठी प्राणी सतत लोकांच्या नजरेसमोर असावा लागत नाही. आणि नुसते दिसणे म्हणजे शिकणे नव्हे. हलत नाही म्हणून मगरीला खडा मारणारे मूल मगरीविषयी चुकीचेच शिकून घरी जाते. प्राणिसंग्रहालयाचा दर्जा तिथे किती प्राणी दिसतात यावर ठरवू नये. प्राण्याला आपल्या नजरेआड होता येते का, यावर ठरवावा. प्राणी आडोशाला गेला तर मुलांना सांगा, तो त्याचा हक्क आहे. आणि तो बाहेर येईपर्यंत त्यांच्यासोबत थांबा.