मृग लागतो कधी, दिसतो कधी!

जूनच्या ७-८ तारखेला मृग लागतो, हे आपल्याकडे शाळेची पायरी न चढलेल्यालाही ठाऊक. पण त्या रात्री आकाशात मृग शोधू नका, सापडायचा नाही! पंचांगातले नक्षत्र म्हणजे सूर्याच्या वाटेच्या २७ भागांपैकी एक. 'मृग लागला' म्हणजे सूर्य त्या भागात शिरला. मग त्या चांदण्याही साधारण त्याच्याबरोबरच उगवणार नि मावळणार.

मृग बघावा तो पौष-माघात. चार पाय, पोटात घुसलेला तीन ताऱ्यांचा बाण, आणि मागोमाग तो मारणारा लखलखीत व्याध. नातू मृगाला 'ओरायन' म्हणतो. म्हणू दे बापडा. गंमत अशी, की ग्रीकांचा ओरायन स्वतःच शिकारी आणि आमचा मृग बिचारा शिकार!

'प्रकाशवर्ष' या शब्दात वर्ष असले तरी ते अंतर आहे: प्रकाश वर्षभरात तोडतो ते, सुमारे साडेनऊ लाख कोटी किलोमीटर. व्याध आपल्यापासून ८.६ प्रकाशवर्षांवर. ह्यांना जाऊन सात वर्षे झाली. म्हणजे आज गच्चीवरून मला दिसतो तो उजेड तिकडून निघाला, तेव्हा हे घरातच होते. बहुधा रेडिओ लावून, चहाची वाट बघत.