गाळलेला एक शब्द

इंडोनेशियाच्या इंटरनेटशी माझी पहिली ओळख 'छैय्या छैय्या'मुळे झाली. 2011 मध्ये गोरोंतालोच्या एका पोलीस जवानाने ड्युटीवर असताना या गाण्यावर ओठ हलवत व्हिडिओ केला आणि तो देशभर गाजला. (पुढे त्याची नोकरी गेली, ती वेगळी गोष्ट.) तेव्हा व्हायरल म्हणजे गंमत होती.

आता तिथे 'नो व्हायरल, नो जस्टिस' अशी म्हणच पडली आहे. व्हिडिओ पसरल्याशिवाय दाद लागत नाही, असा तिचा अर्थ. त्यात तथ्य आहे. एप्रिल 2023 मध्ये ऑस्ट्रेलियात शिकणाऱ्या लाम्पुंगच्या एका तरुणाने आपल्या प्रांतातल्या खराब रस्त्यांवर टिकटॉकवरून टीका केली. आधी त्याच्याविरुद्धच पोलिसांत तक्रार झाली. पण 5 मे रोजी राष्ट्राध्यक्ष जोको विडोडो स्वतः ते रस्ते पाहायला गेले आणि दुरुस्तीचा भार केंद्र सरकारने उचलला.

दुसरी बाजू मात्र मला अस्वस्थ करते. जकार्ताचे ख्रिस्ती, चिनी वंशाचे गव्हर्नर बासुकी पुर्नामा उर्फ अहोक 27 सप्टेंबर 2016 रोजी एका बेटावर लोकांशी बोलत होते. सूरह अल-माइदाची 51वी आयत 'वापरून' कुणी तुम्हाला फसवत असेल, असं काहीसं ते म्हणाले. मूळ व्हिडिओ तासाहून मोठा. फेसबुकवर फिरली ती जेमतेम अर्ध्या मिनिटाची क्लिप, आणि सोबतच्या मजकुरात एक शब्द गळाला होता: 'पाकाई', म्हणजे 'वापरून'. मग अर्थ झाला, आयतच फसवते.

तो शब्द असता तरी अनेकांना ते बोलणं खटकलं असतं, हे मान्य. कुराणाचा अपमान झाला म्हटल्यावर मन पेटणं मलाही परकं नाही. पण रस्त्यावर उतरलेल्या लाखोंपैकी किती जणांनी पूर्ण भाषण ऐकलं असेल? खड्डा तिथे जाऊन पाहता येतो. बोलण्याचा मागचा-पुढचा संदर्भ पाहायला क्लिपच्या बाहेर यावं लागतं, आणि रागात तेवढी सवड कुणाला असते!

अहोक निवडणूक हरले. 9 मे 2017 रोजी त्यांना दोन वर्षांची शिक्षा झाली. क्लिप टाकणाऱ्यालाही नोव्हेंबरमध्ये दीड वर्षाची झाली, पण तोवर जे व्हायचं ते होऊन गेलं होतं.

इंडोनेशियाच्या उलेमा परिषदेने ऑक्टोबर 2016 मध्येच अहोक यांनी कुराणाचा अपमान केल्याचं मत जाहीर केलं होतं. याच परिषदेने जून 2017 मध्ये सोशल मीडियाबद्दल 24 क्रमांकाचा फतवा जाहीर केला: गीबत, बोहतान, खोट्या बातम्या पसरवणं हराम, आलेल्या माहितीची आधी शहानिशा करा. सूरह हुजुरातमध्ये चौदा शतकांपूर्वी हेच सांगितलेलं आहे. फतवा आला तेव्हा अहोक तुरुंगात होते.