अल्ला नाझिमोव्हा : दोन देशांची नटी

अल्ला नाझिमोव्हा हिचा जन्म १८७९ मध्ये क्रिमियातील याल्टा येथे एका ज्यू कुटुंबात झाला. मॉस्कोत नाट्यदिग्दर्शक नेमिरोविच-दान्चेन्को यांच्या हाताखाली ती अभिनय शिकली. मॉस्को आर्ट थिएटरमध्ये मात्र तिच्या वाट्याला किरकोळ कामेच आली. नायिका व्हायला तिला गावोगावच्या नाटक मंडळ्या गाठाव्या लागल्या.

१९०५ मध्ये नट पावेल ऑर्लेनेव्ह यांच्या मंडळीबरोबर ती न्यूयॉर्कला आली. स्थलांतरित ज्यूंच्या वस्तीत रशियन भाषेतले प्रयोग होत. कौतुक भरपूर झाले, गल्ला जमला नाही. ऑर्लेनेव्ह पुढच्या वर्षी मायदेशी परतले, नाझिमोव्हा मागे राहिली. नाट्यव्यवसायातील बडे शुबर्ट बंधू तिला इंग्रजी रंगभूमीवर आणायला तयार होते, पण आधी इंग्रजी शिकायची अट होती. काही महिन्यांत ती भाषा शिकली आणि १३ नोव्हेंबर १९०६ रोजी प्रिन्सेस थिएटरमध्ये नाटककार इब्सेनची हेडा गाबलर म्हणून उभी राहिली. पुढे इब्सेनचीच नोरा आली. परक्या वळणाचे तिचे उच्चार या भूमिकांना मारक ठरले नाहीत. इब्सेनच्या बायका तरी अमेरिकन प्रेक्षकांना कुठे ओळखीच्या होत्या! पुढे नाटककार झालेल्या तरुण यूजीन ओनील यांनी तिची हेडा पुन्हा पुन्हा पाहिली. १९१० मध्ये शुबर्ट बंधूंनी एका नव्या नाट्यगृहालाच तिचे नाव दिले.

‘वॉर ब्राइड्स’ या युद्धविरोधी एकांकिकेवरील १९१६ च्या मूकपटातून ती पडद्यावर आली. मूकपटात उच्चारांचा प्रश्नच नव्हता. मेट्रो ही चित्रपट कंपनी तिला आठवड्याला १३ हजार डॉलर देई. १९२१ च्या ‘कमील’मध्ये रुडॉल्फ व्हॅलेंटिनो तिचा नायक होता. मग ‘सलोमे’साठी (१९२३) तिने स्वतःची पुंजी ओतली. ऑब्री बिअर्ड्स्लीच्या चित्रांवरून नताशा रॅम्बोव्हाने नेपथ्य व वेशभूषा उभारली. चित्रपट पडला आणि पैसा बुडाला. आज तो पाहताना मला त्यात कथेपेक्षा नेपथ्य जास्त दिसते. चाळिशी ओलांडलेल्या नटीने किशोरवयीन सलोमे करण्याचे धाडस मात्र विसरता येत नाही. सनसेट बुलेव्हारवरच्या तिच्या बंगल्याचे पुढे ‘गार्डन ऑफ अल्ला’ हॉटेल झाले. तेही तिच्या हातून गेले आणि उतारवयात ती तिथेच भाडेकरू म्हणून राहिली.

तिला सावरले ते रंगभूमीने. १९२८ मध्ये इव्हा ल गॅलिएनच्या नाट्यसंस्थेत तिने चेखवच्या ‘चेरी ऑर्चर्ड’मध्ये काम केले. १९३१ मध्ये ओनीलच्या ‘मोर्निंग बिकम्स इलेक्ट्रा’त ती क्रिस्टीन झाली, ज्या तरुणाने तिची हेडा पाहिली होती, त्याच्याच नाटकात. १९३५ मध्ये इब्सेनच्या ‘घोस्ट्स’मधील मिसेस आल्व्हिंग आली. हा प्रयोग पाहून आपल्याला नाटककार व्हावेसे वाटले, असे टेनेसी विल्यम्स सांगत. बोलपटांत तिला चरित्र भूमिका मिळाल्या, ‘ब्लड अँड सँड’मध्ये (१९४१) नायकाची आई.

१३ जुलै १९४५ रोजी लॉस एंजेलिस येथे तिचे निधन झाले. चित्रपटाचे इतिहासकार तिला ‘सलोमे’साठी आठवतात, पण तिचे खरे कर्तृत्व, माझ्या मते, इब्सेनच्या भूमिकांतच होते.