पेनबेकरचा कान

माहितीपटकार डी. ए. पेनबेकर मला भेटला तो बॉब डिलनमुळे नव्हे, रविशंकरांमुळे. पुण्यातल्या एका फिल्म क्लबात त्याचा ‘मॉन्टेरी पॉप’ लावला होता. जून १९६७मध्ये कॅलिफोर्नियात झालेल्या संगीत महोत्सवावरचा हा माहितीपट. बहुतेक मंडळी आली होती ती जिमी हेंड्रिक्स गिटार पेटवतो ते बघायला. मी नुकता ध्वनिमुद्रणाच्या कामाला लागलेलो, त्यामुळे कान टवकारून बसलो होतो. शेवटी सतार सुरू झाली, पण पडद्यावर सतार दिसेचना! मैदानावर रेंगाळणारी पोरं, फुलं, चेहरे. शेजारचा कुजबुजला, “रीळ चुकलं की काय?” बऱ्याच वेळाने रविशंकर आणि अल्लारखाँ दिसले आणि मग सवाल-जवाब चढत गेला. ऐकणाऱ्यांत खुद्द हेंड्रिक्स होता. महोत्सवात रविशंकरांनी दुपारी वाजवलं होतं आणि हेंड्रिक्सने त्याच दिवशी रात्री. पेनबेकरने क्रम उलटा केला. पेटलेल्या गिटारीनंतर सतारच टिकेल, हे त्याला कळलं होतं.

मग मी त्याचं मिळेल ते बघत सुटलो. गडी मूळचा इंजिनिअर, येलमध्ये शिकलेला. पहिला लघुपट ‘डेब्रेक एक्सप्रेस’, न्यूयॉर्कच्या पुलावरून धावणाऱ्या रेल्वेचा. त्याला चाल ड्यूक एलिंग्टनच्या रेकॉर्डची. १९६०च्या आसपास रॉबर्ट ड्रू, रिचर्ड लीकॉक या माहितीपटकारांच्या जोडीने त्याने खांद्यावर मावेल असा कॅमेरा आणि त्याच्याशी बरोबर जुळून चालणारा टेपरेकॉर्डर यांची खटपट केली. हे जमल्यावर निवेदकाची गरजच उरली नाही. माणसं बोलतात, आपण ऐकायचं.

डिलनच्या १९६५च्या इंग्लंड दौऱ्यावरच्या ‘डोन्ट लुक बॅक’मधला हातातले फलक एकेक करून टाकत जाण्याचा प्रसंग आजवर शेकडो जणांनी उचलला. मला मात्र मॅनेजर अल्बर्ट ग्रॉसमन टीव्हीवाल्यांकडून बिदागी कशी वाढवून घेतो, तेच बघायला जास्त आवडतं. त्याने टिपलेली डेव्हिड बोवीची १९७३ची मैफल फार अंधारी वाटली, तिथे मन रमलं नाही. पुढे बायको ख्रिस हेगेडस हिच्यासोबत त्याने क्लिंटनच्या निवडणूक कचेरीवर ‘द वॉर रूम’ केला. म्हणजे फक्त गाण्यांचाच माणूस नव्हे. पण तिथेही कान तोच. २०१२मध्ये त्याला मानद ऑस्कर मिळालं.

माझ्या लेखी त्याचं सर्वांत मोठं काम १९७०चं. स्टीफन सॉन्डहाइमच्या ‘कंपनी’ या संगीतिकेची रेकॉर्ड होतेय, रात्र सरत आलीय आणि अभिनेत्री एलेन स्ट्रिचचं एक गाणं काही केल्या लागत नाही. आवाज फाटतो, ती स्वतःवरच चिडते, काचेपलीकडचे गप्प. कॅमेरा हटत नाही. शेवटी वाद्यमेळ तेवढा मुद्रित करून तिला घरी पाठवतात. नंतर ती ताजीतवानी येऊन गाणं फत्ते करते.

असाच प्रसंग माझ्यासमोर आला. नाट्यसंगीत गाणाऱ्या एका ज्येष्ठ ताईंवर माहितीपट चालू होता. स्टुडिओत एक तान पुन्हा पुन्हा निसटत होती. दिग्दर्शकाने कॅमेरा बंद करायची खूण केली. मी मान हलवून ‘नको’ म्हटलं आणि माइक चालू ठेवला. ताईंचा धाप लागलेला श्वास, पेटीवाल्याचं “होईल हो ताई”, त्यांचं पुटपुटणं, सगळं आलं. मग चहा झाला आणि त्यानंतरची तान अशी सणसणीत लागली की पेटीवालाच “क्या बात है” म्हणाला.

पण न विचारता ते ठेवणं मला पटेना. स्ट्रिचला निदान समोर कॅमेरा चालू आहे हे ठाऊक होतं. ताईंना वाटलं होतं, आता विश्रांती. संकलन झाल्यावर आम्ही त्यांच्या घरी लॅपटॉप घेऊन गेलो. फसलेल्या ताना ऐकताना त्या बारीक तोंड करून बसल्या होत्या. संपल्यावर चष्मा पुसत म्हणाल्या, “राहू दे रे. गाणाऱ्या पोरींना कळेल तरी. पण मी बशीतून चहा भुरकतेय, तेवढं काढ.”