समोरची ओळ



यंदा इंग्रजीच्या सरांनी आठवीच्या मुलांना 'द गिव्हर' या कादंबरीची गोष्ट सांगितली. लोइस लॉरी या अमेरिकन लेखिकेची ही कादंबरी १९९३ साली प्रसिद्ध झाली. त्या कथेतल्या वस्तीत लोकांना जुन्या काळाची कसलीच आठवण नसते. सगळ्या आठवणी एकाच वृद्धापाशी ठेवलेल्या असतात. जोनास नावाच्या बारा वर्षांच्या मुलाच्या पाठीवर हात ठेवून तो त्या एकेक करून त्याला देतो. गोष्ट ऐकून दोन मुली माझ्याकडे आल्या. "बाई, असा आठवणी सांभाळणारा माणूस खरेच असतो का?" या प्रश्नाचे उत्तर सर्वांनीच वाचावे, म्हणून येथे लिहीत आहे.

असा एक माणूस नसतो. पण आपल्या पेडणे-डिचोलीत आठवणी सांभाळणारी जागा मात्र आहे. तिला मांड म्हणतात.

माझे पदवीपर्यंतचे शिक्षण इंदूरला, हिंदी माध्यमातून झाले. लग्न होऊन पेडण्यात आल्यावर पहिल्याच पौषात सासूबाई मला धालोला घेऊन गेल्या. मांड शेणाने सारवलेला होता, चपला बाहेर काढल्या होत्या. बायका समोरासमोर दोन ओळींत उभ्या राहिल्या. एका ओळीने चरण म्हटला की समोरची ओळ तो उचलून धरी. गाणी काही कोकणी, काही मराठी. मला निम्मे शब्द कळत नव्हते. कोणाच्याही हातात वही नव्हती. घरी येताना मी विचारले, "हे सगळे पाठ कधी केलेत?" त्या म्हणाल्या, "पाठ कोण करता? समोरची म्हणता, मागीर आपणाक येता."

हिंदीत धडा पाठ करणे आणि गेलेल्या माणसाची आठवण काढणे या दोन्हींना 'याद करना' असेच म्हणतात. मराठीत या दोन गोष्टी वेगळ्या. मांडावर त्या पुन्हा एक होतात, असे मला वाटते. एकीला शब्द सुचला नाही तर शेजारीण सांगते. एखादी चुकली तर समोरची ओळ तिला सावरून घेते. नवी सून आपल्या माहेरचे गाणे घेऊन येते आणि ते या वाड्याचे होऊन जाते. गाणी कोणी रचली, त्या बायकांची नावे आज कोणालाच माहीत नाहीत. पण त्यांचे बोलणे टिकले आहे.

पेडण्याची पुनव आपण सर्वांनी पाहिली आहे. भूतनाथाला देऊळ नाही. कोजागरीच्या रात्री देव आपल्या देवळाविषयी विचारतो आणि जमलेले लोक 'उद्या बांधतो' असे सांगतात. गाव आपला पुरा न झालेला शब्दसुद्धा दरवर्षी आठवणीत ठेवते, हे मला फार मोठे वाटते.

डिचोली तालुक्यात नार्वे येथे दुसरा प्रकार दिसतो. सप्तकोटेश्वराचे मूळ देऊळ दिवाडी बेटावर होते. पोर्तुगीज काळात ते मोडले गेले, तेव्हा भक्तांनी देव नदीपार नार्व्याला आणला. १६६८ साली शिवाजी महाराजांनी तेथील देवळाचा जीर्णोद्धार केला. त्याचा शिलालेख आजही दारावर आहे. दगडाला समोरची ओळ लागत नाही. परंतु दगडावर राजाचे नाव कोरले जाते, आमच्या आजीचे नाही. आजीसाठी मांडच हवा.

म्हणूनच मनात काळजी आहे. डिसेंबर २०२२ मध्ये मोपा विमानतळाचे उद्घाटन झाले. आपल्या माजी विद्यार्थिनी तेथे नोकरी करतात याचा मला अभिमान आहे. कोणी म्हापशाला, कोणी पणजीला जाते. रात्रपाळी असली की धालोला येणे जमत नाही. गेल्या पौषात आमच्या मांडावर एका ओळीत नऊ जणी होत्या, समोर चार. सासूबाई आता ब्याऐंशी वर्षांच्या आहेत, गुडघ्यांमुळे खुर्चीवर बसून गातात. त्यांनी एक जुने गाणे काढले. समोरून कोणाला ते येत नव्हते. थोडे थांबून त्यांनी समोरच्या ओळीचा चरणही स्वतःच म्हटला.

पुतणीने ते मोबाइलवर घेतले, चांगलेच केले. पण मोबाइल गाणे ठेवून घेतो, उलट म्हणत नाही.

तेव्हा माझे सांगणे थोडकेच आहे. मुलींनो, येत्या पौषापर्यंत आजीकडून, नाहीतर शेजारच्या काकीकडून एक तरी गाणे शिका. नुसते लिहून आणू नका, तिच्यासमोर म्हणून दाखवा. मुलांनो, तुमच्या गावच्या गाऱ्हाण्यात कोणकोणत्या देवांची नावे येतात आणि ते देव गावात कोठे आहेत, हे आजोबांना विचारा. गाऱ्हाण्याला 'व्हय म्हाराजा' म्हणण्यापूर्वी आपण कशाला होकार देतो ते कळलेले बरे. पालकांनी मुलींना मांडावर सोबत न्यावे, दुसऱ्या दिवशी शाळेत थोडा उशीर झाला तरी चालेल. आणि विश्वस्त मंडळाला नम्र विनंती की, धालोच्या आठवड्यात शाळेची कोणतीही चाचणी ठेवू नये. तसा प्रस्ताव मी पुढील बैठकीत मांडणार आहे.

आपली,
मुख्याध्यापिका