सुटलेली गाडी

दारू वाहणारी गाडी पकडली की ती पोलीस ठाण्याच्या आवारातच सडली पाहिजे, असं मी बरीच वर्षं चारचौघांत म्हणत आलो. म्हणायला कारणही होतं. आमच्या नगर जिल्ह्यात, आताच्या अहिल्यानगरात, राळेगणसिद्धीनं दारू हद्दपार केल्याचं ऐकतच आम्ही मोठे झालो. पुढं दारूबंदीच्या मतदानात आडव्या बाटलीवर शिक्के मारणाऱ्या बायकाही पाहिल्या. त्यात फेब्रुवारी २०१७ मध्ये, जिल्हा परिषद निवडणुकीच्या धामधुमीत, पांगरमलला विषारी दारूनं माणसं गेली. त्यानंतर कोर्टानं एखादी पिकअप सुपूर्दनाम्यावर, म्हणजे खटला संपेपर्यंत मालकाच्या ताब्यात, सोडली की माझं डोकं फिरायचं.

मत बदललं ते कुणाची दया येऊन नव्हे. पांगरमलच्याच तपासात पुढं आलं की ती बनावट दारू जिल्हा रुग्णालयाच्या आवारातल्या कॅन्टीनमध्ये तयार होत होती. आणि मी डोळे लावून बसलो होतो चाकांवर! धंद्याचा खरा मालक स्वतःच्या नावावरची गाडी कशाला घालेल? ती भाड्याची असते, नाहीतर कुणा भाच्याच्या नावावर फायनान्सनं काढलेली. ती ठाण्यात अडकली तर तो दुसरी बघतो. हप्ते थकतात ते भाच्याचे.

मग एकदा तो निकाल मुळातून वाचला. मुद्देमाल परत मागणाऱ्या अर्जांत वकील हटकून त्याचा हवाला देतात: सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य, सर्वोच्च न्यायालय, १ ऑक्टोबर २००२. मला वाटत होतं, कुणा धनदांडग्या गाडीवाल्यानं मिळवलेला असेल. पण त्यातले आरोपी निघाले पोलीसच! ठाण्यातला मुद्देमाल बदलला, परस्पर लिलावात काढला, ठेवलेल्या रकमेचा अपहार केला, असे आरोप त्यांच्यावर होते. त्या प्रकरणात न्यायालयानं सांगितलं की सविस्तर पंचनामा करा, फोटो काढा, बंधपत्र आणि हमी घ्या, पण गाड्या ठाण्यात वर्षानुवर्षं ठेवू नका. मी ज्या आवाराला तिजोरी समजत होतो, त्याच आवाराची ही गोष्ट.

तेव्हापासून कुठल्याही ठाण्यावरून जाताना माझं लक्ष कुंपणालगतच्या गाड्यांकडं जातं. बॅटरी गेलेली, टायर बसलेले, टपावर वेल चढलेला. खटला उभा राहीपर्यंत पंच फितूर होतात, आरोपी सुटतो आणि निर्दोष ठरलेल्याच्या हाती भंगार येतं. शिक्षा झालीच, तरी सरकारला मिळतं तेही भंगारच. शिवाय दारूबंदी कायद्याचं कलम ९९ सांगतं की गुन्हा होऊ नये म्हणून आपण योग्य काळजी घेतली होती, असं मालकानं कोर्टाला पटवलं तर वाहन सरकारजमा करता येत नाही. पण ते पटवायची वेळ येते खटल्यात. तोवर गाडी टिकायला नको?

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेत तर मुदतीच घातल्यात. कलम ४९७ नुसार वस्तू कोर्टापुढं आल्यावर चौदा दिवसांत तिचं वर्णन नोंदवायचं, फोटो किंवा चित्रीकरण करायचं आणि त्यापुढं तीस दिवसांत विल्हेवाटीचा आदेश द्यायचा. कागदावर तरी छान आहे.

एका बाबतीत मात्र मी जुनाच राहिलोय. तीच गाडी दुसऱ्यांदा दारूसकट सापडली, तर मालकाच्या अज्ञानावर माझा विश्वास बसत नाही. पण तिथंही आता मी गाडी सडवा म्हणत नाही. विकणार नाही, रंग बदलणार नाही, बोलावल्यावर हजर करीन, पुन्हा असल्या कामाला वापरणार नाही, असं लिहून घेऊनच ती पहिल्यांदा सोडलेली असते ना? मग बंधपत्राची रक्कम वसूल करा. आम्ही मोर्चे काढले ते गाडी सोडू नका म्हणून. ही वसुली करा असं निवेदन आमच्यापैकी कुणी दिल्याचं मला आठवत नाही.