दादींची सुरमादाणी

आमच्या दादींची एक पितळी सुरमादाणी आहे, लग्नात माहेरहून आलेली. ईदच्या सकाळी अत्तर लावून झाले की दादी आम्हा भावंडांना समोर बसवून सलाईने सुरमा घालत. डोळ्यांतून पाणी यायचे, पण आरशात पाहताना ऐट वाटायची.

ही हौस फार जुनी. प्राचीन इजिप्तमध्ये स्त्री-पुरुष दोघेही डोळे रंगवत. मॅलाकाइट दगडापासून हिरवा रंग मिळे, तर गॅलेना या शिशाच्या खनिजापासून काळा. मृतांबरोबर कबरीतही सुरम्याच्या कुप्या ठेवत. पॅरिसच्या लूव्र संग्रहालयातील अशा कुप्यांतली भुकटी तपासली गेली, तेव्हा त्यात मुद्दाम तयार केलेले शिशाचे क्षार आढळले. त्या लोकांसाठी सुरमा शृंगार होता, तसाच डोळ्यांचे औषधही. अरबस्तानातही ही रीत होती. प्रेषित मुहम्मद (स.) यांनी 'इस्मिद' सुरमा पसंत केल्याचे हदीसमध्ये येते.

गेल्या वर्षी भावाला मुलगी झाली. चाळिसाव्या दिवशी दादींनी सुरमादाणी काढली. डॉक्टरांनी मात्र सक्त मनाई केली होती. इस्मिद म्हणजे सामान्यतः अँटिमनीचे खनिज समजले जाते, पण बाजारातल्या कित्येक सुरम्यांत शिसेच असते. शिसे लहान मुलांच्या मेंदूला इजा करते आणि त्याचे 'एवढे चालेल' असे सुरक्षित प्रमाणच नाही.

हे दादींना सांगणार कोण? आम्ही सगळेच एकमेकांकडे पाहत राहिलो. शेवटी अम्मींनी सांगितले. दादी बराच वेळ गप्प होत्या. मग म्हणाल्या, "म्हणजे इतकी वर्षं मी तुमच्या डोळ्यांत विष घातलं?"

आमच्याजवळ उत्तर नव्हते. अम्मींनी त्यांचा हात धरला. "अम्मा, तुम्ही माया केलीत. तेव्हा हे कुणाला ठाऊक होतं?"

दुसऱ्या दिवशी दादींनी स्वतःच सुरमा पुडीत बांधून टाकून दिला. ईदला त्यांनी नातीचे डोळे ओल्या स्वच्छ कापडाने पुसले, दुआ पढून हलकी फुंकर घातली आणि म्हणाल्या, "अल्लाहने दिलेले डोळे असेच सुंदर आहेत."

लेकरू अल्लाहची अमानत आहे. सुन्नतीवर आस्था ठेवणाऱ्या आपण सर्वांनी पुडीवरच्या 'सुरमा' या नावावर विसंबून न राहता आत काय आहे, हेही विचारायला हवे. दादींची सुरमादाणी आज फडताळात रिकामी आहे. आम्ही ती जपून ठेवली आहे.